हंगेरियन चित्रपटात प्रॉडक्शन डिझायनर होण्यासाठी: नवोदितांना टप्प्याटप्प्याने मार्गदर्शन

हंगेरियन चित्रपटाच्या श्रेयनामावलीत ‘लात्वान्यतेर्वेझो’ असा एक लांबलचक शब्द येतो. ‘लात्वान्य’ म्हणजे डोळ्यांसमोर उभे राहणारे दृश्य आणि ‘तेर्वेझो’ म्हणजे आराखडा करणारा. आपण ज्याला प्रॉडक्शन डिझायनर म्हणतो आणि जुन्या सवयीने कला दिग्दर्शकही म्हणतो, तोच हा माणूस. जुन्या हंगेरियन चित्रपटांत त्याच्या जागी बहुधा ‘दीस्लेत्तेर्वेझो’, म्हणजे नेपथ्याचा आराखडा करणारा, एवढाच उल्लेख सापडतो. दोन्ही शब्दांतला फरक नवोदिताने आरंभीच समजून घ्यावा. नेपथ्यकाराची जबाबदारी सेट उभा राहिला की बरीचशी संपते. लात्वान्यतेर्वेझोला मात्र सेट, निवडलेली ठिकाणे, फर्निचर, भिंतींचे रंग, दुकानांच्या पाट्या, पात्राच्या हातातली किल्ली आणि खिडकीबाहेर दिसणारे आकाश या साऱ्यांचा एकत्रित विचार करावा लागतो, आणि तो छायालेखक व वेशभूषाकार यांच्या कामाशी जुळवून घ्यावा लागतो.

हा लेख या व्यवसायात हंगेरीत पाय ठेवू इच्छिणाऱ्यांसाठी आहे. माझे एक ठाम मत आधीच मांडतो: तेथे हे काम चित्रकाराच्या कल्पनेइतकेच वास्तुविशारदाच्या मोजपट्टीवर आणि कारागिराच्या हातावर उभे आहे, आणि ज्याला भिंत कशी उभी राहते हे कळत नाही त्याला तेथे फार काळ विचारले जात नाही. पुढचे सर्व टप्पे या एकाच गोष्टीभोवती फिरतात.

पहिला टप्पा: परंपरा ओळखणे

हंगेरीने जगाला दिलेल्या नेपथ्यकारांची ओळख करून घेणे हा इतिहासाचा अभ्यास नसून व्यवसायाचाच अभ्यास आहे. तूरकेवे या गावात १८९७ मध्ये जन्मलेले विन्सेंट कोर्डा मूळचे चित्रकार. भाऊ अलेक्झांडर कोर्डा यांच्या चित्रपटांसाठी ते सेट करू लागले आणि ‘द थीफ ऑफ बगदाद’ या १९४० च्या चित्रपटासाठी त्यांना ऑस्कर मिळाले. बुडापेस्टमध्ये १९०६ साली जन्मलेले शांदोर त्राउनेर १९२९ मध्ये पॅरिसला गेले आणि तेथे अलेक्झांद्र त्रोनेर या नावाने प्रसिद्ध झाले. ‘द अपार्टमेंट’ या १९६० च्या चित्रपटासाठी त्यांना ऑस्कर मिळाले. त्या चित्रपटातले अफाट विमा कार्यालय नवोदिताने पुनःपुन्हा थांबवून पाहावे. कार्यालय दिसते तितके मोठे नव्हते. मागच्या रांगांतली टेबले क्रमाने लहान होत गेली होती, त्यांच्यामागे बसवलेली माणसेही ठेंगणी होत गेली होती आणि अगदी मागे तर मुलांना मोठ्यांचे कपडे घालून बसवले होते. डोळ्याला वाटणारे अंतर आणि प्रत्यक्ष अंतर यांतली ही तफावत हातात आल्याशिवाय मोठा सेट लहान जागेत बसवता येत नाही.

घरच्या परंपरेत दिग्दर्शक मिक्लोश यान्चो यांच्या चित्रपटांचे नेपथ्यकार तमाश बानोविच यांचे काम पाहावे. ‘सेगेन्यलेगेन्येक’ (इंग्रजीत ‘द राउंड-अप’) या १९६६ च्या चित्रपटात ओसाड मैदानावर पांढऱ्या भिंतींचे एक आवार आहे. त्यात सामान जवळजवळ नाही, तरीही कैद्याला पळायला जागा नाही हे त्या भिंती आणि ते क्षितिज यांच्यातील नात्यावरूनच कळते. नवोदितांची सर्वांत सामान्य चूक म्हणजे चौकट वस्तूंनी भरून टाकणे, आणि त्या चुकीवर यापेक्षा चांगला उतारा मला ठाऊक नाही.

सर्वाधिक वेळ मात्र लास्लो रायक यांच्यावर घालवावा. १९४९ मध्ये जन्मलेले आणि २०१९ मध्ये निवर्तलेले रायक वास्तुविशारद होते, साम्यवादी राजवटीविरुद्धच्या चळवळीत होते, पुढे लोकप्रतिनिधीही झाले. १६ जून १९८९ रोजी बुडापेस्टच्या हीरोज चौकात, १९५६ च्या सोव्हिएतविरोधी उठावानंतर फाशी दिलेले पंतप्रधान इम्रे नॉज यांचे पुनर्दफन झाले, तेव्हा तेथील कलादालनाची दर्शनी बाजू काळ्या-पांढऱ्या कापडांनी आणि लोखंडी रचनेने बदलून टाकणारे नेपथ्य गाबोर बाखमान आणि रायक यांचे होते. बुडापेस्टच्या पेश्त भागातील रंगीबेरंगी लेहेल मंडई रायक यांची, आणि आउशवित्झ या नाझी मृत्युछावणीच्या जागी असलेल्या हंगेरियन दालनाचे २००४ चे कायमस्वरूपी प्रदर्शनही त्यांचेच. ‘सन ऑफ सॉल’ या २०१५ च्या चित्रपटासाठी मृत्युछावणीचे दाहगृह उभे करायला दिग्दर्शक लास्लो नेमेश यांनी त्यांना बोलावले, तेव्हा त्यामागे हा सारा अनुभव होता.

त्या चित्रपटात कॅमेरा नायकाच्या चेहऱ्याला आणि पाठीला चिकटून चालतो, मागचे जवळजवळ सगळे धूसर दिसते. मग एवढा सेट कशासाठी, असा प्रश्न नवोदिताला पडतो. सॉल न थांबता एका दालनातून दुसऱ्यात जातो, दारे उघडतो, जिने चढतो, ओझी ओढतो, आणि कॅमेरा त्याला सोडत नाही. अशा वेळी तुकड्यातुकड्यांनी बांधलेला सेट कुचकामी ठरतो. दालनांचा क्रम, दारांची रुंदी, माणसांच्या गर्दीला लागणारी वाट, दिव्यांच्या जागा, हे सर्व एखाद्या चालत्या कारखान्यासारखे जुळलेले असावे लागते. सेट म्हणजे चित्र नव्हे, ती एक वाट आहे, हे या चित्रपटातून शिकावे. चित्रपट पाहताना कागदावर सॉलच्या चालण्याचा नकाशा काढत जावा. दोन-तीनदा पाहिल्यावर इमारतीचा आराखडा आपोआप कागदावर येतो.

दुसरा टप्पा: हात तयार करणे

कोणत्याही संस्थेत अर्ज करण्याआधी निदान एक वर्ष रेखाटन, मोजमाप आणि मॉडेल यांसाठी द्यावे. स्वतःच्या घराची एक खोली मोजून तिचा तळ-आराखडा, चारही भिंतींचे दर्शनी आराखडे आणि एक उभा छेद १:५० या प्रमाणात काढावा, मग तीच खोली १:२५ प्रमाणात पुठ्ठ्यात करावी. दाराची चौकट भिंतीत किती खोल बसते, खिडकीचा ओटा किती बाहेर येतो, हे मोजल्याशिवाय लक्षात येत नाही, आणि कॅमेऱ्याला नेमके तेच दिसते. बुडापेस्टला त्रिमितीय आणि हाताने करून पाहण्याच्या शिक्षणाची जुनी सवय आहे. एर्नो रुबिक यांनी आपला प्रसिद्ध घन १९७४ मध्ये केला, तेव्हा ते तेथील उपयोजित कला महाविद्यालयात शिकवत होते.

संगणकावर आर्किकॅड हे वास्तू-आराखड्यांचे सॉफ्टवेअर शिकावे असे मी सुचवेन. ते बुडापेस्टच्या ग्राफिसॉफ्ट कंपनीचे उत्पादन असल्याने हंगेरियन वास्तुविशारदांच्या हातात ते सहज बसलेले आहे. त्याच्या जोडीला ऑटोकॅड आणि स्केचअप यावे. अमेरिकी निर्मितीत काम करायचे असेल तर फूट-इंचांचीही सवय हवी, कारण त्यांच्याकडे एक फुटाला पाव इंच हे प्रमाण चालते आणि ते मेट्रिकच्या १:५० शी जवळचे असले तरी तेच नव्हे. अशा छोट्या फरकाने सुताराचा पूर्ण दिवस वाया जातो.

भिंगाचे गणित येथेच शिकून घ्यावे. चौकटीची रुंदी भागिले भिंगाचे नाभीय अंतर, गुणिले वस्तूपर्यंतचे अंतर, एवढेच ते आहे. पस्तीस मिलिमीटर फिल्मवर अकॅडमी नावाची प्रमाणित चौकट सुमारे २२ मिलिमीटर रुंद असते. ४० मिलिमीटरचे भिंग लावून चार मीटरवरच्या भिंतीकडे पाहिले, तर सुमारे २.२ मीटर रुंद आणि १.६ मीटर उंच एवढाच भाग दिसतो. हे माहीत असलेला डिझायनर कोठे खर्च करायचा आणि कोठे नाही हे निर्मात्याला आकड्यांनी पटवू शकतो.

तिसरा टप्पा: शिक्षणसंस्था निवडणे

बुडापेस्टमध्ये चार प्रमुख वाटा आहेत. १८७१ मध्ये स्थापन झालेल्या हंगेरियन ललित कला विद्यापीठात नेपथ्य व वेशभूषा यांचा समावेश असलेला दृश्यसंकल्पनाचा विभाग आहे, आणि रंगभूमीची गोडी असणाऱ्यांना तो अधिक मानवतो. नाट्य व चित्रपट कला विद्यापीठ, ज्याला सर्वजण एसझेडएफई म्हणतात, आपली परंपरा १८६५ पासून सांगते. तेथे भावी दिग्दर्शक आणि छायालेखक वर्गमित्र म्हणून मिळतात आणि पहिली कामे बहुधा याच ओळखीतून येतात. रायक यांनीही तेथे चित्रपट-वास्तुकला शिकवली. मोहोय-नॉज कला व अभिकल्प विद्यापीठ, म्हणजे मोमे, येथे वास्तुकला आणि माध्यम अभिकल्प शिकता येतो. चौथी वाट तंत्रज्ञान विद्यापीठाच्या वास्तुकला विद्याशाखेची. ती लांबची वाटते, पण रायक त्याच वाटेने आले होते, आणि बांधकामाची भाषा येणाऱ्या माणसाला आर्ट डिपार्टमेंटमध्ये ड्राफ्ट्समन, म्हणजे मापांचे आराखडे काढणारा, म्हणून लवकर जागा मिळते.

दोन गोष्टींची जाणीव ठेवून निर्णय घ्यावा. २०२० मध्ये एसझेडएफईचा कारभार एका प्रतिष्ठानाकडे सोपवला गेला, त्याविरुद्ध विद्यार्थ्यांनी इमारत ताब्यात घेऊन दीर्घ आंदोलन केले, आणि बाहेर पडलेल्या अनेक शिक्षक-विद्यार्थ्यांनी ‘फ्रीएसझेडएफई’ नावाने स्वतंत्र शिक्षण सुरू केले. त्यामुळे कोण कोठे शिकवतो हे जुन्या माहितीवरून ठरवू नये. दुसरे असे की, डिसेंबर २०२२ मध्ये युरोपीय संघाने अशा प्रतिष्ठानांकडे गेलेल्या हंगेरियन विद्यापीठांशी इरॅस्मस या विद्यार्थी-विनिमय योजनेचे नवे करार थांबवले आणि त्यात मोमेही आले. विनिमय योजनेच्या भरवशावर प्रवेश घेणाऱ्याने त्या वर्षीची स्थिती थेट विद्यापीठाकडून लेखी विचारून घ्यावी.

भारतातून जाऊ इच्छिणाऱ्यांसाठी हंगेरी सरकारची २०१३ मध्ये सुरू झालेली स्टिपेंडियम हंगेरिकम ही शिष्यवृत्ती आहे. तिच्यात शिक्षणशुल्क माफ होते, मासिक विद्यावेतन मिळते आणि निवासासाठी साहाय्य मिळते. पुण्याच्या एफटीआयआयमधील कला दिग्दर्शन व प्रॉडक्शन डिझाइनचा अभ्यासक्रम पूर्ण करून मग बुडापेस्टला जाण्याचाही मार्ग आहे, आणि माझ्या मते तो अधिक पक्का आहे, कारण हातात तयार काम घेऊन जाणाऱ्याला परक्या भाषेत स्वतःची ओळख फार सांगावी लागत नाही.

भाषेबाबत टाळाटाळ करू नये. परदेशी निर्मितीत कार्यालयातले काम इंग्रजीत चालते, परंतु कार्यशाळेतला सुतार, रंगारी आणि प्लास्टरचा कारागीर हंगेरियन बोलतात. फॉल म्हणजे भिंत, ऑय्तो म्हणजे दार, मॉकेत म्हणजे मॉडेल, तेर्वरॉय्झ म्हणजे आराखडा, केल्लेक म्हणजे प्रॉप, म्यूहेय म्हणजे कार्यशाळा. एवढ्या सहा शब्दांनी सुरुवात केली तरी कार्यशाळेत वागणूक बदलते. नावांची रीतही लक्षात ठेवावी: हंगेरियनमध्ये आपल्या शाळेच्या हजेरीपटासारखे आडनाव आधी येते, म्हणून श्रेयनामावलीत आणि संग्रहालयांच्या सूचीत ‘रायक लास्लो’ असेच शोधावे.

चौथा टप्पा: दोन प्रवाह समजून घेऊन पहिले काम मिळवणे

हंगेरीत आज दोन चित्रपटसृष्टी शेजारी शेजारी चालतात. एक हंगेरियन भाषेतील चित्रपटांची, जिला मुख्य आधार राष्ट्रीय चित्रपट संस्थेच्या अनुदानाचा आहे. दुसरी परदेशी निर्मात्यांसाठी सेवा पुरवणारी. २००४ च्या चित्रपट कायद्याने देशात झालेल्या, नियमांत बसणाऱ्या खर्चाच्या २० टक्के परतावा देऊ केला, २०१४ मध्ये तो २५ आणि २०१८ मध्ये ३० टक्के झाला. त्याच्या जोरावर एत्येकचा कोर्डा स्टुडिओ, बुडापेस्टच्या राकोशपोलोता भागातील ओरिगो स्टुडिओ आणि फोट येथील जुना सरकारी स्टुडिओ परदेशी सेटांनी भरू लागले. ‘ड्यून’ आणि ‘पुअर थिंग्ज’ यांसारख्या चित्रपटांची मोठी बांधकामे येथे झाली.

या दोन प्रवाहांतली शिडी वेगवेगळी आहे. परदेशी निर्मितीत प्रॉडक्शन डिझायनर बहुधा बाहेरून येतो आणि त्याच्या हाताखालचा विभाग स्थानिक माणसांतून उभा राहतो. मदतनीस, ड्राफ्ट्समन, असिस्टंट आर्ट डायरेक्टर, आर्ट डायरेक्टर, आणि दुसऱ्या बाजूला वस्तू-फर्निचर पाहणारा सेट डेकोरेटर, अशा पायऱ्या असतात. या शिडीवरून खरोखर वर जाता येते. ‘ड्यून’साठी झुझान्ना शिपोश यांना २०२२ मध्ये आणि ‘पुअर थिंग्ज’साठी झुझा मिहालेक यांना २०२४ मध्ये ऑस्कर मिळाले, आणि दोघी हंगेरियन सेट डेकोरेटर आहेत. तरीही ज्याला स्वतःच्या नावावर पूर्ण चित्रपटाचा आराखडा हवा आहे, त्याला तो हंगेरियन चित्रपटातच लवकर मिळेल. पैसा आणि शिस्त एका प्रवाहात, निर्णयाचे स्वातंत्र्य दुसऱ्यात. निदान पहिली दहा वर्षे दोन्हीत आलटून पालटून काम करावे असा माझा आग्रह आहे, कारण केवळ मोठ्या निर्मितीत राहिलेला माणूस एका दाराचे तपशील उत्तम काढतो, पण संपूर्ण कथेचा रंग ठरवण्याची वेळ आली की अडखळतो.

प्रत्यक्ष प्रवेशासाठी विद्यार्थी-चित्रपट हे पहिले दार. पदवीचा लघुपट करणाऱ्या दिग्दर्शकाला डिझायनर हवा असतो आणि त्याच्याकडे पैसे नसतात. हाच दिग्दर्शक पुढे राष्ट्रीय संस्थेच्या पहिल्या चित्रपटासाठीच्या ‘इन्क्युबेटर’ योजनेत निवडला गेला, तर तो ओळखीच्याच माणसाला सोबत नेतो. परदेशी निर्मितीसाठी मात्र आर्ट डिपार्टमेंटच्या समन्वयकाकडे कामाचा नमुनासंच पाठवावा लागतो. त्यात रंगीत संकल्पचित्रांपेक्षा मापे घातलेले आराखडे, मॉडेलची छायाचित्रे आणि बांधून पूर्ण झालेल्या वस्तूची आधी-नंतरची छायाचित्रे असावीत. वीस पाने पुरेशी आहेत.

पाचवा टप्पा: पहिल्या चित्रपटाचे काम हाती घेणे

पटकथा तीनदा वाचावी. पहिल्यांदा पेन्सिल हातात न घेता, दुसऱ्यांदा प्रत्येक दृश्याचे स्थळ, वेळ, ऋतू आणि उपस्थित पात्रे लिहून काढत, आणि तिसऱ्यांदा फक्त हाताळल्या, मोडल्या, खाल्ल्या किंवा जाळल्या जाणाऱ्या वस्तू टिपत. जी वस्तू मोडायची आहे तिच्या निदान तीन प्रती हव्यात. या याद्यांवरूनच कोणते सेट बांधायचे, कोणती ठिकाणे शोधायची आणि पैसा कोठे जाणार हे दिसू लागते.

त्यानंतर संदर्भ गोळा करणे. हंगेरियन विसाव्या शतकावर काम करणाऱ्याला फोर्तेपान हा ऑनलाइन छायाचित्रसंग्रह म्हणजे वरदान आहे. २०१० मध्ये सुरू झालेल्या या संग्रहात सामान्य कुटुंबांनी काढलेली एक लाखाहून अधिक छायाचित्रे विनामूल्य पाहता येतात. त्यांत स्वयंपाकघरातले टेबल, जिन्यातले टपालपेट्यांचे कप्पे, दुकानातली काचपेटी असे सारे दिसते, आणि ते कोणी सजवलेले नसते.

कालखंडाच्या चुका हंगेरियन प्रेक्षक माफ करत नाही, कारण त्या देशात राजवट बदलली की भिंतीवरच्या पाट्याही बदलत गेल्या. बुडापेस्टचा आंद्राशी मार्ग १९५० मध्ये स्तालिन मार्ग झाला, १९५६ च्या उठावात काही काळ हंगेरियन युवक मार्ग झाला, १९५७ पासून लोकप्रजासत्ताक मार्ग म्हणून ओळखला गेला आणि १९९० मध्ये पुन्हा आंद्राशी झाला. हातोडा आणि गव्हाच्या ओंबीचे राजचिन्ह १९४९ ते १९५६ या काळातले. उठावात लोकांनी तेच झेंड्यातून कापून काढले, म्हणून १९५६ चा झेंडा मधोमध भोक असलेला असतो. १ ऑगस्ट १९४६ पूर्वीच्या दुकानात फोरिंटची किंमत लिहिली तर ती चूक आहे, कारण त्याआधी पेंग्यो हे चलन चालत असे. असा एक तक्ता प्रत्येक चित्रपटासाठी आरंभीच करून भिंतीवर लावावा.

रेकीसाठी, म्हणजे चित्रीकरणाची ठिकाणे हिंडून शोधण्यासाठी, बुडापेस्टसारखे शहर नाही. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरच्या भव्य इमारती, त्यांच्या आत चौक आणि चौकाभोवती फिरणाऱ्या लोखंडी कठड्यांच्या गॅलऱ्या असतात. गिरगावातली चाळ पाहिलेल्या माणसाला ती रचना परकी वाटत नाही. चौकात उभे राहिले की समोरच्या गॅलरीतून कोणीतरी पाहत असते, आणि कित्येक हंगेरियन कथांचा ताण याच रचनेतून येतो. केलेनफोल्ड येथील १९२० च्या दशकातल्या वीजकेंद्राच्या नियंत्रण कक्षाचे काचेचे छत, इनोताचे बंद पडलेले वीजकेंद्र, स्वातंत्र्य चौकातील जुना शेअर बाजार, ही ठिकाणे परदेशी चित्रपटांनी पुनःपुन्हा वापरली. ‘एव्हिटा’त बुडापेस्टने ब्युनॉस आयर्सची भूमिका केली, आणि ‘हम दिल दे चुके सनम’च्या उत्तरार्धात इटली म्हणून आपण पाहिले तेही बुडापेस्टच. त्या चित्रपटाच्या कला दिग्दर्शनासाठी नितीन चंद्रकांत देसाई यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला होता. राजवाड्यासारखे सेट आणि परके शहर एकाच रंगात कसे गुंफले आहेत, हे पाहण्यासाठी तो पुन्हा पाहण्याजोगा आहे.

ठिकाण आवडले तरी लगेच होकार देऊ नये. तेथे सकाळी, दुपारी आणि संध्याकाळी जाऊन उजेड पाहावा. डिसेंबरात बुडापेस्टला दुपारी चारच्या आधी सूर्य मावळतो, तर जूनच्या अखेरीस तो संध्याकाळी पावणेनऊपर्यंत असतो, त्यामुळे उन्हाळ्यात पाहिलेली खिडकी हिवाळ्यातल्या चित्रीकरणात काही तासांचीच सोबत देते. संरक्षित इमारतीत एक खिळाही विनापरवानगी मारता येत नाही, म्हणून तेथे स्वतःच्या पायावर उभी राहणारी खोटी भिंत आणावी लागते आणि ती किती वजनाची आहे हे जिना चढण्याआधी ठरवावे लागते.

बांधायच्या सेटसाठी आधी पांढऱ्या पुठ्ठ्याचे मॉडेल करून दिग्दर्शक व छायालेखकाला एकत्र बसवावे. कोणती भिंत काढता-घालता येणारी हवी, छत हवे की नको, खिडकीबाहेर दिव्यांसाठी किती जागा सोडायची, हे प्रश्न याच बैठकीत मिटवावेत. दिग्दर्शक लांब सलग चित्रणाचा असेल तर चारही भिंती आणि छत धरूनच हिशेब करावा. दिग्दर्शक बेला तार यांच्या ‘द ट्युरिन हॉर्स’साठी ओसाड दरीत घर, तबेला आणि विहीर खरोखरीची उभारली गेली, आणि त्या घराचे दार उघडले की बाहेरचा वारा त्याच चित्रणात आत येतो. हिवाळ्यात न तापवलेल्या गोदामात बांधकाम असेल तर प्लास्टर आणि रंग वाळायला किती जास्त दिवस लागतील हे कारागिराला विचारून वेळापत्रकात लिहावे. उरकून घेऊ असे म्हणून चालत नाही. लाकूड व कापडावर अग्निरोधक लेप दिल्याचे कागद जवळ ठेवावेत.

वस्तू शोधण्यासाठी भाड्याने देणारे जुने साठे आहेत, एचेरीचा जुन्या वस्तूंचा बाजार आहे, आणि ‘लोमतॉलानिताश’ आहे. बुडापेस्टच्या प्रत्येक भागात ठरलेल्या दिवशी लोक घरातले मोठे अडगळीचे सामान पदपथावर काढून ठेवतात. तेथे फिरले की एखाद्या पिढीचे घर संपूर्ण पाहायला मिळते: कपाटामागचा कागद, खुर्चीच्या पायाला लावलेले रबर, दिव्याची जुनी तार. तेथून काही उचलण्यापूर्वी स्थानिक नियम विचारून घ्यावेत, पण छायाचित्रे आणि मापे घेण्यासाठी तो दिवस कधीही चुकवू नये.

सहावा टप्पा: व्यवहार

माफिल्म या सरकारी चित्रपटसंस्थेच्या काळात नेपथ्यकार पगारी नोकर असे आणि कार्यशाळा त्याच्या मागे उभी असे. आज जवळजवळ प्रत्येक जण स्वतंत्र व्यावसायिक म्हणून बिल देतो. छोट्या व्यावसायिकांची ‘काता’ ही सोपी करपद्धत चित्रपटात सर्रास वापरली जाई, परंतु १ सप्टेंबर २०२२ पासून ती कंपन्यांना बिल देणाऱ्यांसाठी बंद झाली, म्हणून जुन्या सहकाऱ्यांचा सल्ला तसाच न पाळता हिशेबनीसाला विचारावे. युरोपीय संघाबाहेरून आलेल्या माणसाने राहण्याचा आणि काम करण्याचा परवाना हातात येण्यापूर्वी एकही दिवस सेटवर काम करू नये. करारात श्रेयनामावलीतील पदाचे नेमके नाव, बांधणीपूर्व तयारीचे आठवडे आणि आराखडे नमुनासंचात दाखवण्याची परवानगी, या तीन गोष्टी लिहून घ्याव्यात.

दोन चित्रपटांमधील रिकामे महिने येतातच. त्या काळात हंगेरियन डिझायनर रंगभूमीकडे आणि प्रदर्शनांकडे वळतात, आणि ती दुय्यम कामे मानली जात नाहीत. ‘सनशाइन’ या चित्रपटाचे डिझायनर अत्तिला एफ. कोवाच यांनीच आंद्राशी मार्गावरील साठ क्रमांकाच्या इमारतीतले, २००२ मध्ये उघडलेले ‘हाऊस ऑफ टेरर’ संग्रहालय आतून साकारले. संग्रहालयात प्रेक्षक स्वतः कॅमेऱ्यासारखा चालतो, त्यामुळे तेथे शिकलेले पुढच्या सेटवर उपयोगी पडते.

सातवा टप्पा: सेट उतरवणे

चित्रीकरण संपल्याची घोषणा झाली की सगळे निघून जातात आणि आर्ट डिपार्टमेंट मागे राहते. सेट पाडण्यापूर्वी प्रत्येक भिंतीचे समोरून, मापपट्टी ठेवून छायाचित्र घ्यावे, कारण अतिरिक्त चित्रीकरण लागले तर तोच कोपरा पुन्हा बांधावा लागतो. भिंतींच्या रंगाचे नमुने पुठ्ठ्यावर लावून मागे रंगाचा क्रमांक आणि दृश्याचा क्रमांक लिहावा. भाड्याच्या वस्तू यादीप्रमाणे मोजून परत द्याव्यात आणि त्या यादीवर घेणाऱ्याची सही घ्यावी. पुन्हा वापरता येतील अशा चौकटी, दारे आणि खिडक्या मापे लिहून वेगळ्या ठेवाव्यात. पुढच्या विद्यार्थी-चित्रपटाला त्यांतले एखादे दार लागणार असते, आणि ते कोणाकडे आहे हे ज्याला ठाऊक असते त्यालाच फोन येतो.